पडताळणीचा चहा

"आई, मॅडम आल्या की उठायचं नाही. विचारतील तेवढंच बोलायचं," दीपकने पुन्हा बजावलं आणि आईच्या पाठीमागची उशी काढून घेतली.

इंदिराबाईंनी मान हलवली. लकव्याने त्यांची डावी बाजू लुळी पडली, त्याला वर्ष होत आलं होतं. खोटं काहीच नव्हतं. सरकारी दवाखान्याचा दाखला होता आणि त्यावरच दीपकच्या बायकोचा, मोहिनीचा, बदलीचा अर्ज उभा होता. मोहिनी सुरगाण्याच्या बाजूला शिक्षिका. सासू अंथरुणाला खिळलेली, म्हणून नाशिकजवळची शाळा मिळावी, अशी विनंती. अर्ज दीपकनेच लिहिला आणि सहीसाठी तोच सुरगाण्याला जाऊन आला. आज अधिकारी घरी येऊन पेशंटला बघून जाणार होत्या.

दमला होता बिचारा. अंबडच्या कंपनीत पाळी करायची, घरी आलं की आईचं अंग पुसायचं, खिचडी भरवायची. गल्लीतल्या बायका त्याचं नाव काढत. दिवाळीत मोहिनी न्हाणीत घसरून तिचा हात मोडला, तेव्हा महिनाभर तिची वेणीसुद्धा यानेच घातली होती. ती गेली की घर त्याला खायला उठे. ती वर्गात असली तरी तो फोन करायचा, आणि तिने उचलला नाही की त्याला घास गोड लागत नसे. अलीकडे तर ती सुट्टीलाही येईनाशी झाली होती. कधी पोषण आहाराचं काम, कधी एसटी चुकली.

तेजल मॅडम आल्या, बाहेरच्या खोलीत बसल्या. दीपक त्यांना कागद दाखवू लागला.

"आजी आत आहेत का?"

"हो, पडूनच असते. चला, दाखवतो."

तेवढ्यात स्वयंपाकघरातून भांडं वाजलं. दाराच्या चौकटीला टेकून इंदिराबाई उभ्या होत्या. डोक्यावर पदर, उजव्या हातात कपबशी. निम्मा चहा बशीत सांडला होता.

"घ्या बाई. सून घरात नाय, म्हणून मीच टाकला."

दीपकच्या तोंडचं पाणी पळालं. मॅडमनी झटकन उठून कप घेतला. "आजी, तुम्ही चालता?"

"चालते, सैपाक करते. मला काय धाड भरलीय?"

"आई, बस खाली!" दीपकने दंड धरला. त्यांनी तो हळूच सोडवून घेतला.

"मायेपोटी बोलतो ह्यो. लय जपतो. पण माझ्यापायी पोरीची शाळा नका सोडवू, बाई. तिकडं तिचं बरं चाललंय."

मॅडमनी चहा संपवला, कागद पिशवीत घातले. "वाईट वाटतं, दीपकराव. पण जे दिसलं तेच मला लिहावं लागेल."

दार लागलं आणि इंदिराबाई भिंतीला धरून खाली कोसळल्या. सगळं अंग थरथरत होतं, पाय जागचा हलत नव्हता. दीपकने त्यांना उचलून खाटेवर ठेवलं. त्याला रडूच कोसळलं. जन्मभर पाहुण्याला चहाशिवाय जाऊ दिलं नाही, ती सवय आज नेमकी आडवी आली.

"काय केलंस हे आई? आता ती कधी येणार घरी?"

इंदिराबाई डोळे मिटून पडून राहिल्या. कपाळावरचा घाम त्याने टॉवेलने टिपला आणि मोहिनीला फोन लावला.

"बदली नाही होत. आईने सगळं घालवलं."

"बरं," एवढंच म्हणून तिने फोन ठेवला.

"रडत असणार," दीपक म्हणाला. "एकटी पडलीय तिकडे."

"नाय रडत ती," इंदिराबाई डोळे न उघडताच म्हणाल्या. "तिथवर तुझा मार पोचत नाय."