कुंभारणीचं कपाळ

भट्टीत भाजताना रांजणाच्या मातीत अडकलेला उजेड यंत्राने मोकळा केला, आणि तो रांजण घडवणारी बाई चार हजार वर्षांनी पडद्यावर उभी राहिली. संग्रहालयाच्या दालनात माना उंचावल्या. मग मागून कुणीतरी हळहळलं, "अगंबाई, कपाळ मोकळंच! विधवा होती की काय ही?"

पहिल्या रांगेतल्या हेमांगिनी टिल्लूंनी मागे वळून पाहिलं. पन्नास वर्षांपूर्वी शाळेच्या पुस्तकासाठी सिंधूकाठची कुंभारीण त्यांनीच रंगवली होती. बाईमाणसाचं कपाळ उघडं कसं ठेवायचं, म्हणून हाताच्या सवयीने कुंकवाचा ठिपका दिला होता. पुरावा कुणी मागितलाच नाही.

संचालक कानाशी लागले. "बाई, लोकांच्या मनात तुमचीच कुंभारीण आहे. हिला कुणी आपली मानेना. पडद्यावर तेवढा एक ठिपका देऊ या?"

हेमांगिनीबाईंचा हात नकळत स्वतःच्या मोकळ्या कपाळाकडे गेला. पडद्यावरची बाई भट्टीत डोकावत, आपला रांजण न्याहाळत, स्वतःशीच हसत होती. तिला कशाचीही उणीव नव्हती.

"नको," त्या म्हणाल्या. "कुंकू लावून मी तिला एकदा पुसून टाकलंय. पुन्हा नाही."