दुसऱ्या दिवशीचं जेवण

भागिरथेच्या लग्नाच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे १९७६ सालच्या माघात, रिठदच्या मांडवात पहिला घास गिळताच ग्यानबा मोठ्यानं म्हणाले, "वा इवाईबुवा! बोकड लयच कवळं कापलं!"

नवरदेवाचा बापच असं म्हणतो म्हटल्यावर मंगरूळपीरहून आलेली सगळी पंगत माना डोलवू लागली. एकट्या पुंजाजींचा हात ताटातच थांबला. ते नवरीचे वडील, ग्यानबांचे व्याही. त्यांनी मटन खाल्लेलं घरात कोणी कधी पाहिलं नव्हतं. सोयरीक जुळली त्याच दिवशी त्यांनी बजावलं होतं, "माह्या मांडवात बकरं कापाचं नाही." आणि आता दोन घास त्यांच्याही पोटात गेले होते.

चुलीपाशी त्यांची सून पंचफुला उभी होती. तिनं सासऱ्याचा चेहरा पाहिला अन् हातातली पळी खाली ठेवली.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी पाहुण्यांना मटन वाढायचं, ही त्यांच्यातली रीत. ते नसलं तर नवरीला सासरी जन्मभर ऐकून घ्यावं लागायचं. नणंदेची मान खाली जाऊ नये आणि सासऱ्याचा शब्दही मोडू नये, म्हणून पंचफुलेनं मधली वाट काढली होती. शेतीखात्याच्या साहेबानं पेरायला दिलेलं सोयाबीन घरात पडून होतं. त्याला वास येतो म्हणून ते बैलांपुढं जायचं. तिनं ते भिजवलं, पाट्यावर वाटलं, फडक्यातून त्याचं दूध गाळलं. दूध उकळून चिंचेच्या पाण्यानं फाडलं, गाठोडं बांधलं आणि त्यावर पाटा ठेवला. सकाळी पनीरसारखी घट्ट वडी हाती आली. तिचे तुकडे तिनं तेलात लाल होईपर्यंत तळले. मग जाळ मोठा करून निबर पेरूच्या आणि कच्च्या पपईच्या फोडी कढईत टाकल्या, वरून काळा मसाला, आणि हात न थांबवता सगळं परतलं. पेरूची भाजी गावाला नवी नव्हती. ही भाजी मात्र कोणी पाहिली नव्हती.

आधी सांगितलं असतं तर कोणी हात लावला नसता. चव जिभेवर बसली की सांगू, असा तिचा बेत होता. पण ग्यानबा तिच्या आधी बोलून गेले.

पुंजाजी ताटावरून उठले.

"सूनबाई, माह्या शब्दाची एवढीच किंमत केली तू?"

एरवी ती सासऱ्यासमोर मान वर करत नसे. आज पदर खोचून भर पंगतीत आली.

"मामाजी, बसा. अन् पाव्हण्यांनो, ज्याच्या ताटात हाडूक निघन त्यानं मले दाखवा. मी आत्ताच्या आत्ता माहेरची वाट धरीन."

 साऱ्या पंगतीची बोटं भाजीत फिरू लागली. एक म्हातारा तर शेजाऱ्याच्या ताटात डोकावला.

"मले वाटलं, हाडं याच्याच वाट्याले गेली!"

हाडूक कुठंच निघालं नाही. मग पंचफुलेनं सगळं सांगितलं. पुंजाजी हळूच खाली बसले. पण ग्यानबांची बहीण सोजरबाई उसळली.

"म्हंजे बैलाचं दाणं चारलं आमाले! पाह्यलं का भागिरथे, तुह्या माहेरचा पाहुणचार?"

भागिरथेनं मान खाली घातली. सगळ्यांचे डोळे ग्यानबांकडे लागले. त्यांनी अजून एक तुकडा तोंडात टाकला, सावकाश चावला.

"तू गप वं सोजरे. मघापासून बोटं चाटून राह्यली, अन् आता दाणं आठोलं तुले? पोरी, वाढ इकडं. साऱ्या मंगरूळात सांगीन मी, आमच्या इवायाची सून पेरूच्या झाडाचं बकरं करते म्हणून!"

मांडवात हसू फुटलं. सोजरबाईनंही ताट पुढं केलं. पंचफुला वाढत गेली. नव्या सुनेसारखी वाकून नाही, घरच्या कर्तीसारखी ताठ मानेनं.

ग्यानबा तृप्त झाले अन् पुंजाजींकडे वळले. "पण इवाईबुवा, एक सांगा. धम्माची दीक्षा आमी बी घेतली. मेलेलं ढोर ओढणं, खाणं आमी बी सोडलं. पण बकऱ्यानं तुमचं काय घोडं मारलं?"

पुंजाजी हसले नाहीत. त्यांनी सुनेपुढं ताट धरलं.

"वाढ, बाई. माह्या धाकट्या भावाच्या वाटचं बी वाढ."

त्यांना भाऊ होता हे पंचफुलेला आजवर ठाऊक नव्हतं. त्याचं नाव भिवाजी. तो १९२४ सालच्या आषाढात, सहा वर्षांचा असताना, मेलेल्या ढोराचं मटन खाऊन वारला.