कवितेतली फुंकर

“आई, पराग माझ्या कवितेवर फिल्म करेल. तो सांगेल तसं कर. मला वचन दे.” दवाखान्यातल्या खाटेवरून ईशानी म्हणाली होती. मी दिलं.

त्या कवितेतली आई मेलेल्या मुलीसाठी लावलेला दिवा फुंकून विझवते. ईशानीच्या फोटोपुढचा दिवा मात्र ती गेल्यापासून मी एकदाही विझू दिला नव्हता. कॅमेरा घेऊन आलेल्या तिच्या मित्राला, परागला तोच हवा होता.

“अरे, दिवा तोंडाने फुंकून विझवत नाहीत.”

“काकू, कवितेत तसंच आहे ना!”

देवाची क्षमा मागून मी फुंकर मारली. तोंडून “बाळा” निघून गेलं.

“कट! काकू, कवितेतली आई गप्प असते हो. परत घेऊया.”

मी जळकी वात काढली, नवी घातली आणि पुन्हा विझवायला दिवा लावला.