पिवळी खिडकी, कॅनव्हासवर तैलरंग

चित्रकार मावशींचा उजवा हात लुळा पडला, तेव्हा त्यांच्या चित्रांच्या अभ्यासात हयात घालवलेली कला-इतिहासकार त्यांच्याकडेच राहायला आली. भरवायची, वेणी घालायची. शेजारीण म्हणे, पोटची पोरसुद्धा एवढं करत नाही.

आज मावशींनी डाव्या हाताने एक पिवळी खिडकी रंगवली. वेडीवाकडी.

"बघ गं, जमतंय की मेलं अजून!"

तिचे डोळे भरून आले. "तुमचीच आहे, मावशी. कुणीही ओळखेल."

मग तिने टर्पेंटाइनचा बोळा घेतला. ओली खिडकी पुसली, ब्रश पुसला, मावशींची रंगलेली बोटं एकेक करून हळुवार पुसली.

"पण तुमच्या शेवटच्या चित्रावर माझं अख्खं पुस्तक छापून झालंय."