सोनाबाईचा माड

“माड उभा हाय,” सोनाबाई म्हणाली.

अजेयला वाटलं, म्हातारीला ऐकू आलं नसेल. मंडळ अधिकारी बाईंनाही तसंच वाटलं. त्यांनी सातबारा हातात घेऊन मोठ्यानं वाचलं. “आजी, किहीमची वाडी. इतर हक्कात लिहिलंय, माड एक, त्याची फळं सोनाबाई भिकू हिची. हे अजेय म्हणतात, तो माड फयान वादळात पडला, त्याला सोळा वर्षं झाली. माड नाही, म्हणून तुमचं नाव कमी करायचंय. हरकत आहे का?”

“हाय तर! माड उभा हाय. दर नारळी पुनवेला देवदत्त मास्तर त्याचे नारळ मला रेवदंड्याला आनून द्यायचे. गेल्या पुनवेलापन आनले.”

अजेयच्या तोंडचं पाणीच पळालं. देवदत्त मास्तर म्हणजे त्याचे वडील. दिवाळीनंतर गेले. दर नारळी पौर्णिमेला स्कूटरला पिशवी अडकवून ते रेवदंड्याला जायचे, हे त्याला ठाऊक होतं. पण हे असं काही? अहो, पडलेल्या माडाचं खोड त्यांनीच पाण्याच्या पाटावर आडवं टाकलं होतं. घरातले सगळे रोज त्याच्यावरूनच पलीकडे जात होते.

सोनाबाईचा नवरा भिकू त्यांच्या वाडीत नारळ पाडायचा. एका पावसाळ्यात पाय निसटला आणि त्याच माडावरून खाली आला तो उठलाच नाही. सोनाबाई तेव्हा पंचविशीची. अजेयच्या आजोबांनी तो माड तिच्या नावे केला, नुसता तोंडी नव्हे, तलाठ्याकडे जाऊन नोंद घालून. ती माहेरी रेवदंड्याला निघून गेली. नोंद राहिली.

आणि आता ती एक ओळ अजेयच्या मानगुटीवर बसली होती. आई वाडीत एकटी. दोनदा न्हाणीघरात पडली. तिला पुण्याला स्वतःजवळ न्यायचं, म्हणून वाडीचा सौदा केला होता. खरेदीखत सोमवारी. घेणाऱ्याचा वकील म्हणत होता, म्हातारीचं नाव निघाल्याशिवाय सही नाही.

“मग जागेवर येऊन पंचनामा करावा लागेल,” बाई म्हणाल्या. “पुढची तारीख देते.”

झालं! बोंबलला सोमवार.

बाहेर व्हरांड्यात अजेय धुमसत होता. म्हातारीवर नाही, वडिलांवर. सोळा वर्षं एका भोळ्या बाईला बनवलं आणि निस्तरायचं मी! मग त्याची नजर सोनाबाईकडे गेली. बाकड्याच्या कडेला बसून ती एसटीचं तिकीट पदराच्या गाठीत बांधत होती. त्याला वाईट वाटलं. दोन चहा घेऊन तो तिच्याजवळ बसला.

“आजी, बाबांनी तुम्हाला फसवलं. माड खरंच पडलाय. ते दुसऱ्याच माडांचे नारळ आणायचे. माफ करा त्यांना. आईला पुण्याला न्यायचंय, म्हणून वाडी विकतोय.”

सोनाबाई बोळक्या तोंडानं हसली.

“मला म्हाईत न्हाय व्हय? वादळ झाल्यावर चवथ्या दिवशी मी आले व्हते बघायला. तुमच्या कुंपनाभायरनं बघितला, मुळासकट आडवा. भिकू गेला तवा रडले, तशी रडले आन गेले घरी. पुनवेला मास्तर आला. पिशवी ठिवली, म्हनतो, सोनाबाई, तुमच्या माडाचे. माज्या माडाचे नारळ कसे, उभट. ह्यो आनायचा ते गोल गरगरीत! येवढा शिकलेला, पन तेवढं कळंना.” तिनं डोळे पुसले. “येऊन चा प्यायचा, भिकूची आठवन काढायचा. पडला म्हनले असते, तर पुन्यांदा आला असता का?”

अजेय तिच्याकडे वळला. “मग आत तसं का सांगितलंत?”

“मंग काय सांगू? मास्तर खोटं बोलला म्हनून? त्या बाईच्या म्होरं? आन त्यो आता न्हाय, आपली बाजू सांगायला.” तिनं चहाचा कप खाली ठेवला. “मला काय करायचाय माड? नेतोस तर ने आईला. आन तुजा कागद, अंगठा देते.”

अजेयनं संमतीचा कागद आणि शाईचा डबा काढला. सोनाबाईनं अंगठा शाईत बुडवला आणि तसाच वर धरून विचारलं, “काय लिवलंय?”

त्यानं वाचलं. “सदर माड सोळा वर्षांपूर्वी पडला असल्यामुळे, मी माझा हक्क…”

तिनं हात मागे घेतला.

“ते खोडून टाक. तिथं लिव, माड उभा हाय. सोनाबाईनं खुशीनं सोडला.”