काउंटरवरचा साहेब

जर्मनीतल्या कोलोनच्या मराठी मंडळात गणपतीला बावीस वर्षं शिरीष आणि त्याची बायको वैजू यांचं प्रहसन व्हायचं. तो काउंटरवरचा जर्मन साहेब, ती अर्जदार. तो विचारायचा, “टर्मिन आहे? वेळ ठरवून आलात?” ती दरवर्षी नवीच थाप मारायची, त्यालाही न सांगता. ब्रिटिश विनोदी जोडीत एक गडी कायम गंभीर असतो, तसं त्यानं मात्र अजिबात हसायचं नाही. वैजू फेब्रुवारीत गेली. “काका, यंदा राहू द्या,” मंडळाची सेक्रेटरी म्हणाली. राहिलं तर कायमचं राहील, म्हणून त्यानं स्टेजवर जाऊन रिकाम्या खुर्चीला विचारलं, “टर्मिन आहे?”  मग प्रेक्षकांतून देवधरवहिनी उठून त्या खुर्चीत येऊन बसल्या. “आहे की, पुढच्या वर्षीची. म्हटलं, जागा धरावी.” मागोमाग त्यांचे मिस्टर आले, “मी नुसता हिच्यासोबत आलोय.” हसत हसत एकेक प्रेक्षक उठला आणि दारापर्यंत अर्जदारांची रांग लागली. शिरीष गंभीरपणे म्हणाला, “आज ऑफिस वेळेवर बंद होणार नाही.”