पालथा फॉर्म

मॅडमनी स्लाइड मायक्रोस्कोपखाली सरकवली, डोळे लावले आणि नेहमीसारखं म्हणाल्या, "लिहा, मामा. सूक्ष्मदर्शकाखाली..."

मामांनी शब्द टाइप केला आणि वाट बघत थांबले. अठ्ठावीस वर्षं या लॅबमध्ये ते हेच करत आले होते. ऑपरेशनमध्ये काढलेली गाठ मेणाच्या ठोकळ्यात बसवायची, तिचे पातळ काप काढून काचेवर घ्यायचे, रंगवायचे आणि मग मॅडम सांगतील तो रिपोर्ट टाइप करायचा. रिपोर्टचे भाग दोनच. पहिला 'उघड्या डोळ्यांनी'. दुसरा 'सूक्ष्मदर्शकाखाली' या शब्दाने सुरू होणारा. बाहेर सूक्ष्म म्हणजे इवलंसं, दुर्लक्ष केलं तरी चालेल असं. या खोलीत त्या शब्दामागून जे येई, त्याने भरली घरं हादरत.

काय येणार ते मामांना आधीच कळायचं. मॅडम लगेच पुढे बोलल्या तर पेशंट सुटला. गप्प राहिल्या, स्लाइड पुढे नेऊन पुन्हा मागे आणली, तर नाही.

आज त्या गप्प राहिल्या. पण स्लाइड हलली नाही. त्यांनी मान वर केली.

"मामा, हा काप तुम्ही काढलात?"

"हो."

"जाड झालाय. मधोमध सुरकुतीही पडलीय, काही धड दिसत नाही. तुमचा काप म्हणजे कांद्याच्या पापुद्र्याने लाजावं असा. हात थरथरला का?"

मामांनी की-बोर्ड बाजूला सारला.

टेबलावर पेशंटचा फॉर्म पालथा ठेवलेला होता. तो मॅडमचा नियम. स्लाइड बघून होईपर्यंत फक्त नंबर, नाव नंतर. नाव कळलं की डोळे मऊ पडतात, असं त्या म्हणायच्या. या फॉर्मवरचं नाव मामांनी स्वतःच्या हाताने रजिस्टरमध्ये उतरवलं होतं आणि तीन दिवस त्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. मऊ डोळे त्यांना नको होते.

मॅडमचा हात फॉर्मकडे गेला.

"कोण आहे तुमचं?"

"आत्ता नको, मॅडम. आधी बघा. मी दुसरा काप काढून आणतो."

"दुसऱ्या कुणाला सांगू?"

"कुणाला सांगणार?" मामा म्हणाले. त्यात बढाई नव्हती. या कामात त्यांचा हात धरणारं तिथे कोणी नव्हतं.

ते काप काढायच्या यंत्राशी जाऊन बसले. मेणाचा ठोकळा पात्यासमोर पक्का केला. याच गाठीचा पहिला भाग मॅडमनी परवा सांगितला होता. उघड्या डोळ्यांनी, दीड सेंटिमीटरची गाठ, कडा स्वच्छ. ते वाक्य मामांनी घरी जाऊन बायकोला जसंच्या तसं म्हणून दाखवलं होतं. ती उशीला टेकून बसली होती, छातीवर पट्टी होती.

"मग झालंच की," ती म्हणाली होती. "आता राहिलं ते सूक्ष्मच ना?"

"हो," मामा म्हणाले होते. तीस वर्षांच्या संसारात ते तिच्याशी फार कमी वेळा खोटं बोलले होते.

त्यांनी श्वास रोखला आणि चाक फिरवलं. पात्यावरून काप अलगद उतरला आणि कोमट पाण्यावर एकही सुरकुती न पडता पसरला. या वेळी हात जरासुद्धा थरथरला नाही. त्याचाच मामांना राग आला. त्यांनी काप काचेवर उचलला, वाळवला, रंगात बुडवला, धुतला, पुन्हा दुसऱ्या रंगात बुडवला. तासाभराने ओली काच पुसून त्यांनी स्लाइड मॅडमसमोर ठेवली आणि खुर्चीत जाऊन बसले.

शब्द आधीच टाइप झालेला होता. मॅडमनी तो पुन्हा उच्चारला नाही. डोळे लावले. पंखा तेवढा फिरत होता.

स्लाइड पुढे गेली. थोडी आणखी पुढे गेली. मग मागे आली.

मामा उठले. दोघांना एकाच वेळी बघता यावं म्हणून मायक्रोस्कोपला समोरच्या बाजूनेही डोळे लावायची सोय होती. तिथे मामा कधी वाकले नव्हते. बघणं मॅडमचं काम, दाखवणं माझं, असं ते सगळ्यांना हसत सांगायचे.

"मी बघू?"

मॅडमनी डोळे न काढता पायाने स्टूल त्यांच्याकडे सरकवलं.

गुलाबी रंगात जांभळे ठिपके होते. दाटीवाटीने, कुठे लहान, कुठे मोठे, कडेपर्यंत गेलेले. मॅडमची शांतता मामांना पाठ होती, पण हे चित्र त्यांना वाचता येत नव्हतं. इतकंच दिसत होतं की कुठे सुरकुती नाही आणि प्रत्येक ठिपका सुटा, स्पष्ट आहे.

"रंग छान चढलाय," ते म्हणाले.

"हो, मामा." मॅडम म्हणाल्या. "इतकी स्वच्छ स्लाइड मी आजवर बघितली नाही."



"मॅडम," मामा डोळे न काढता म्हणाले, "आता तिचं नाव बघितलंत तरी चालेल."